डोंगररस्त्यांवरची ऑडिओ रोड ट्रिप : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

गाईड न घेता, फोनवरची ऑडिओ टूर ऐकत गाडीने डोंगर फिरायचं ठरवलं की लोकांना जे प्रश्न पडतात ते इथे एकत्र केले आहेत. आधी प्राथमिक, पुढे पुढे अडचणीचे. एका उत्तराचा दुसऱ्याशी संबंध असेल तिथे क्रमांक दिला आहे. मध्ये मध्ये आमची मतंही आहेत. ती पटली नाहीत तर सोडून द्या, सुरक्षेबद्दलचं तेवढं सोडू नका.

१. सेल्फ-गाइडेड ऑडिओ रोड ट्रिप म्हणजे नेमकं काय?

गाडी तुमची, वेळ तुमची, फक्त गाईडचा आवाज फोनमधून येतो. अ‍ॅपमध्ये टूर सुरू करायची, फोन स्टँडला लावायचा आणि निघायचं. ठरावीक जागेजवळ पोचलात की फोन लोकेशनवरून ते ओळखतो आणि त्या जागेची गोष्ट आपोआप सुरू होते. समोरची खिंड कशी तयार झाली, हा रस्ता कोणी आणि कशासाठी खोदला, पुढे गाडी कुठे लावायची, असं सगळं त्यात येतं. गोष्ट संपली की पुढच्या जागेपर्यंत शांतता.

कल्पना जुनीच आहे. आम्स्टरडॅमच्या स्टेडेलिक म्युझियममध्ये १९५२ सालीच लोक कानाला रेडिओ लावून दालनं बघत होते. पुढे गाडीसाठी कॅसेटी आल्या, पण त्यात अमुक पाटी दिसली की कॅसेट लावा, तमुक पूल गेला की बंद करा, असा कारभार असायचा. गोष्ट आपोआप सुरू होणं शक्य झालं ते मे २००० नंतर. तोवर अमेरिकी सरकार नागरी जीपीएसच्या संकेतांत मुद्दाम चूक मिसळत असे आणि जागा शंभरेक मीटर इकडेतिकडे दिसायची. घाटात शंभर मीटर म्हणजे दोन वळणं. ती भेसळ थांबली आणि मग पुढचं सगळं जमलं.

२. पॉडकास्ट लावून गाडी चालवली तर काय बिघडलं?

काहीच नाही. पण पॉडकास्टला तुम्ही कुठे आहात ते माहीत नसतं. ‘डावीकडच्या कड्यावर आडवे पट्टे दिसतायत ना?’ हे वाक्य तो कडा डावीकडे असतानाच कानावर येणं, यातच या प्रकाराची सगळी गंमत आहे. त्या एका गोष्टीत रस नसेल तर टूरवर पैसे घालवू नका.

३. एकाच रस्त्याच्या चार-पाच टूर दिसतात. चांगली कशी ओळखायची?

नमुन्याची गोष्ट ऐकायला मिळते का ते आधी बघा. ऐकताना आवाज गोड आहे का याकडे लक्ष देऊ नका, निवेदक तुम्हाला काय बघायला सांगतोय याकडे द्या. ‘निसर्गाचा अद्भुत आविष्कार’ छापाची वाक्यं एकामागून एक आली तर पुढच्या टूरकडे वळा. ‘खडकाचा रंग इथून बदलतो, कारण...’ असं काही असेल तर थांबून ऐका.

मग पुढचं तपासा: पूर्ण टूर डाउनलोड होते का, कुठून कुठे आखली आहे (उलट जाता येतं का, त्यासाठी प्रश्न १७), शेवटचा बदल कधी झाला, आणि विकत घेतल्यावर किती दिवस चालते. काही टूर कायमच्या तुमच्या होतात, काहींना मुदत असते. गोष्टींची संख्या जास्त म्हणजे टूर चांगली, असं मुळीच नाही. दर दोन मिनिटांनी बोलणारा गाईड तासाभरात नकोसा होतो.

४. डोंगरात नेटवर्क नसतं. मग टूर चालणार कशी?

चालते, कारण जीपीएसला मोबाइल नेटवर्क लागत नाही. सुमारे २०,२०० किलोमीटर उंचीवरून फिरणाऱ्या उपग्रहांचे संकेत फोन थेट पकडतो आणि किमान चार उपग्रह मिळाले की जागा काढतो. नेटवर्क लागतं ते नकाशा आणि आवाजाच्या फायली उतरवायला. त्या आधीच फोनमध्ये असल्या की काम झालं.

एक खाचखळगा आहे. नेटवर्क असताना फोन उपग्रहांची ताजी माहिती इंटरनेटवरून घेतो आणि काही सेकंदांत जागा सांगतो. नेटवर्क नसेल तर तीच माहिती त्याला उपग्रहाकडून, अतिशय धिम्या गतीने घ्यावी लागते आणि पहिल्यांदा जागा सापडायला कधी कधी काही मिनिटं जातात. म्हणून टूर दरीच्या तोंडाशी जाऊन सुरू करू नका. नेटवर्क आणि मोकळं आभाळ दोन्ही असेल अशा ठिकाणी, शक्यतो शेवटच्या गावात, सुरू करा आणि नकाशावर तुमची जागा दाखवणारा निळा ठिपका बरोबर जागी आल्याशिवाय हलू नका.

५. निघायच्या आदल्या दिवशी काय काय करून ठेवायचं?

येणाऱ्या तक्रारींपैकी बऱ्याचशा इथेच मिटतात, म्हणून जरा सविस्तर.

टूर वाय-फायवर पूर्ण उतरवा. मग फोन फ्लाइट मोडवर टाका, अ‍ॅप बंद करून पुन्हा उघडा आणि मधलीच एखादी गोष्ट हाताने वाजवून बघा. वाजली तर डाउनलोड खरंच झालंय. ‘डाउनलोड पूर्ण’ या हिरव्या खुणेवर विसंबू नका, आतमध्ये नकाशा किंवा फोटो राहून गेलेले असू शकतात. नेव्हिगेशनचा नकाशाही त्या भागापुरता ऑफलाइन घ्या.

मग लोकेशनची परवानगी. अ‍ॅप मागे चालू असताना आणि स्क्रीन बंद असतानाही लोकेशन मिळालं पाहिजे, आणि ‘अचूक लोकेशन’ सुरू हवं. अंदाजे लोकेशनवर फोन तुम्हाला काही किलोमीटरच्या पट्ट्यात कुठेतरी धरतो. त्यावर टूर चालणं अशक्य.

सगळ्यात लबाड सेटिंग बॅटरी बचतीचं. अनेक अँड्रॉइड फोन स्क्रीन बंद झाल्यावर थोड्या वेळाने मागे चालणारी अ‍ॅप परस्पर बंद करतात. पहिल्या दोन गोष्टी झकास वाजतात आणि मग गप्प! टूरच्या अ‍ॅपला बॅटरी बचतीतून वगळा आणि फोनचा बॅटरी सेव्हर बंद ठेवा.

उरलं चार्जर, केबल आणि स्टँड. आणि कागदी नकाशा. हसू नका, घ्या.

६. नेव्हिगेशन आणि टूर दोन्ही एकाच फोनवर चालतात का?

चालतात. नेव्हिगेशन बोलायला लागलं की गोष्टीचा आवाज खाली जातो किंवा ती थांबते, मग पुन्हा सुरू होते. दर वळणावर असं होऊन वैताग येतो, म्हणून नेव्हिगेशनचा आवाज फक्त सूचनांपुरता ठेवा. घाटात एकच रस्ता असेल तर तो आवाज पूर्ण बंद केला तरी हरकत नाही.

खरा घोटाळा वेगळाच असतो. नेव्हिगेशनला तुम्हाला लवकर पोचवायचं असतं आणि टूरला जुन्या रस्त्याने न्यायचं असतं. स्वित्झर्लंडमधल्या गोटहार्डचं उदाहरण घ्या. १९८० साली खुला झालेला जवळपास १७ किलोमीटरचा बोगदा डोंगराच्या पोटातून जातो आणि जुना रस्ता २,१०६ मीटर उंचीच्या खिंडीवरून. नेव्हिगेशन साहजिकच बोगदा सुचवतं. टूर खिंडीवर आखलेली असेल तर तुम्ही पलीकडे निघता आणि एकही गोष्ट वाजलेली नसते. उपाय सोपा आहे: मुक्कामाचं ठिकाण एकदम टाकू नका, खिंडीवरची एखादी जागा मध्ये टाका. म्हणजे नेव्हिगेशनला वर चढण्याशिवाय गत्यंतर उरत नाही.

७. गाडीच्या स्पीकरला फोन कसा जोडू? गाडी जुनी आहे.

ब्लूटूथ असेल तर प्रश्न नाही. ऑक्सची (हेडफोनच्या पिनसारखी) खोबण असेल तर केबल. दोन्ही नसेल तर छोटा ब्लूटूथ स्पीकर डॅशबोर्डवर न ठेवता मागच्या सीटच्या खिशात ठेवा. वळणावर घसरून पायाशी, पेडलखाली जाईल अशी कुठलीही वस्तू पुढे नको. भाड्याची गाडी असेल तर ताब्यात घेतानाच जोडून बघा आणि परत करताना तुमचा फोन तिच्या यादीतून काढायला विसरू नका.

८. नकाशा दोन तास दाखवतो. प्रत्यक्षात किती वेळ धरू?

नकाशाच्या दुप्पट धरा. उरला तर उरला.

नकाशा फक्त चाकं फिरण्याचा वेळ मोजतो. अमेरिकेतला ब्लू रिज पार्कवे सुमारे ७५५ किलोमीटरचा आहे आणि त्यावर कमाल वेग ताशी ७२ किलोमीटर. कुठेही न थांबता, कायम त्याच वेगाने गेलात तरी साडेदहा तास. थांबत, ऐकत जायचं तर तो काही दिवसांचा कार्यक्रम आहे, एका दिवसात उरकायचा नाही. तिथल्याच ग्लेशियर नॅशनल पार्कमधला गोइंग-टू-द-सन रोड जेमतेम ८० किलोमीटर आहे, पण न थांबता गेलं तरी साधारण दोन तास लागतात.

अंधार पडायच्या आत घाट उतरून झालेला असेल असं मागून मोजत या आणि निघायची वेळ ठरवा. रात्री टूर ऐकण्यात अर्थही नाही. निवेदक ज्या शिखराबद्दल बोलतोय तिथे काळोख असतो. काही रस्ते तर रात्री बंदच असतात, ऑस्ट्रियातला ग्रोसग्लॉकनर हा त्यातलाच.

९. कोणत्या बाजूने सुरुवात करावी? काही फरक पडतो का?

पुष्कळ पडतो. पहिला विचार थांबायच्या जागांचा. गाडी डावीकडून चालवायच्या देशात दरी डाव्या हाताला राहील अशी दिशा निवडली की बहुतेक थांबे तुमच्याच बाजूला येतात आणि समोरून येणारी वाहतूक कापावी लागत नाही. उजवीकडून चालवायच्या देशात याच्या उलट. मात्र दरीच्या कडेने जाताना चालकाला धडकी भरत असेल तर मुकाट्याने डोंगराच्या बाजूची दिशा घ्या.

दुसरा विचार उन्हाचा. सकाळी पूर्वेकडे आणि संध्याकाळी पश्चिमेकडे तोंड करून चालवलं की सूर्य थेट डोळ्यात येतो आणि वळणावरची गाडी दिसत नाही. तिसरा हवेचा. उंच डोंगरांत उन्हाळ्यातली वादळं आणि विजा बहुधा दुपारनंतर येतात. अमेरिकेतल्या कोलोराडोमधला ट्रेल रिज रोड ३,७१३ मीटरपर्यंत चढतो, वर झाड नाही की आडोसा नाही. अशा ठिकाणी सकाळी लवकर वर जाऊन दुपारपर्यंत खाली आलेलं बरं.

१०. गाडी चालवताना गोष्टी ऐकणं सुरक्षित आहे का? लक्ष जात नाही का?

जातं. गर्दीत पार्किंग शोधताना आपण नकळत गाण्याचा आवाज कमी करतो, त्याचं कारण हेच. कान गुंतले की डोळ्यांचंही काम थोडं ढिलं पडतं.

आमचा नियम एकच आहे: टूरने गाडीमागे यायचं, गाडीने टूरमागे धावायचं नाही. निवेदक ‘आता उजवीकडे बघा’ म्हणाला तरी चालकाने बघायचं नाही, बघायचं ते इतरांनी. चालकाला बघायचं असेल तर गाडी लावून, तीच गोष्ट पुन्हा वाजवून. अ‍ॅप हाताळायचं काम शेजारी बसलेल्याचं. एकटे असाल तर चालत्या गाडीत फोनला हात नाही. गोष्ट चुकली तर चुकली.

आणि काही वेळा टूर सरळ बंद करायची: अरुंद रस्त्यावर समोरून ट्रक आला, दरड पडलेल्या जागेतून वाट काढायची आहे, दाट धुकं आहे (प्रश्न १४). आवाज एवढाच ठेवा की बाहेरचा हॉर्न ऐकू आला पाहिजे. स्वित्झर्लंडच्या घाटांत पिवळ्या पोस्टबस आंधळ्या वळणाआधी तीन सुरांचा हॉर्न देतात, आणि पोस्टाच्या शिंगाची खूण असलेल्या डोंगररस्त्यांवर इतर गाड्यांना बसचालकाच्या सूचना पाळाव्या लागतात. तो हॉर्न तुमच्या निवेदकाच्या आवाजात बुडाला तर पुढच्या वळणावर बसचं तोंड समोर.

११. बाकीचे झोपलेत. मी एकट्याने हेडफोन लावून ऐकू का?

गाडी चालवताना नको. अनेक ठिकाणी हा गुन्हाही आहे. फ्रान्समध्ये जुलै २०१५ पासून चालकाला हेडफोन किंवा इअरफोन लावून गाडी चालवता येत नाही, कॅलिफोर्नियात दोन्ही कान झाकायला मनाई आहे. स्पीकरचा आवाज बारीक ठेवून ऐका. मोटरसायकलवर हेल्मेटमधल्या स्पीकरबद्दल देशोदेशी नियम वेगळे आहेत, तिथला बघून घ्या. आणि वाऱ्याच्या आवाजात शब्द कळावेत म्हणून आवाज वाढवत नेऊ नका. आमच्या मते मोटरसायकलवाल्यांनी प्रत्येक थांब्यावर उतरून, तिथल्या गोष्टी हाताने वाजवून ऐकाव्यात. मजा जास्त येते.

१२. गोष्ट सुरूच झाली नाही. आता काय करू?

आधी बघा की खरंच सुरू व्हायला हवी होती का. दोन थांब्यांमध्ये पंधरा-वीस मिनिटं शांतता असणं नेहमीचं आहे आणि चांगल्या टूरमध्ये ती मुद्दाम ठेवलेली असते.

जागा निघून गेली असेल तर पहिल्या सुरक्षित ठिकाणी गाडी बाजूला घ्या. निळा ठिपका तुमच्या जागेवर आहे? असेल तर गोष्ट हाताने वाजवा. ठिपका मागेच अडकला असेल तर लोकेशन किंवा बॅटरी बचतीचा घोळ आहे (प्रश्न ५). ठिपका उड्या मारत असेल तर तुम्ही चिंचोळ्या दरीत आहात. मोकळ्या आभाळाखाली फोन साधारण पाच मीटरपर्यंत अचूक जागा सांगतो, पण उंच कड्यांमध्ये संकेत खडकावर आपटून येतात आणि ती अचूकता जाते. दरी रुंद झाली की आपोआप सुधारेल.

आणि एक कारण लोकांच्या लक्षातच येत नाही: गाडी ब्लूटूथने जोडलेली असते, पण स्टिरिओ रेडिओवर असतो. फोन इमानदारीत बोलत असतो, ऐकू कोणालाच येत नाही.

१३. आम्ही घाटाच्या वरच्या टप्प्यावर होतो आणि खालच्या धबधब्याची गोष्ट सुरू झाली! असं का?

हा आमचा आवडता प्रश्न. टूर बनवणारा प्रत्येक जागेभोवती एक अदृश्य वर्तुळ आखतो. गाडी त्यात शिरली की गोष्ट सुरू. आता नागमोडी घाट डोळ्यांसमोर आणा. खालच्या रस्त्यावर धबधबा, तिथून रस्ता वळसा घेऊन परत येतो आणि धबधब्याच्या बरोबर डोक्यावरून जातो. तुम्ही चाळीस मीटर उंच आलात, पण नकाशावर वरून बघितलं तर दोन्ही रस्ते जवळजवळ एकमेकांना खेटून आहेत. वर्तुळ पन्नास मीटरचं असेल तर वरचा रस्ताही त्यात येतो.

मग फोनला उंची कळत नाही का? कळते, पण जीपीएसमध्ये उंचीची चूक आडव्या जागेच्या चुकीपेक्षा मोठी असते, आणि फोनमधली वर्तुळाची तयार सोय फक्त अक्षांश, रेखांश आणि त्रिज्या बघते. इटलीतल्या स्टेल्वियो खिंडीवर एकाच बाजूला ४८ हेअरपिन वळणं आहेत. अशा रस्त्यावर वर्तुळं आखणाऱ्याची कीव करावी.

चांगल्या टूर यावर दोन युक्त्या करतात. एक तर गाडी कोणत्या दिशेने चालली आहे ते तपासतात, किंवा आधीची गोष्ट वाजल्याशिवाय पुढची उघडत नाहीत. या दुसऱ्या युक्तीमुळेच मधून सुरुवात केली की काही टूर अडतात (प्रश्न १७). तुमच्यापुरता उपाय एवढाच: चुकीची गोष्ट थांबवा आणि यादीतून बरोबर ती लावा. शेजाऱ्याला सांगा, स्वतः नको.

१४. धुकं किंवा जोराचा पाऊस लागला तर?

टूर बंद, खिडकी थोडी खाली, कान बाहेर. दिवे लो-बीमवर, कारण हाय-बीम धुक्यावर आपटून परत तुमच्याच डोळ्यांवर येतो. रस्त्यावर मध्येच थांबू नका, पहिल्या रुंद जागेत पूर्ण रस्त्याबाहेर जा. धुकं विरेपर्यंत त्या भागाच्या गोष्टी उभ्या गाडीत ऐकून घ्या, एवीतेवी बघायला काही नाहीच.

१५. उतारावर ऐकण्याच्या नादात ब्रेकला जळका वास आला. गाडीत बिघाड आहे का?

बहुधा चालवण्यात. लांब उतारावर ब्रेकवर सतत पाय ठेवला की तो तापतो आणि त्याची पकड कमी होते. उतार सुरू व्हायच्या आधीच खालचा गियर टाका, इंजिनलाच गाडी धरून ठेवू द्या, आणि ब्रेक अधूनमधून ठामपणे दाबून सोडा. ऑटोमॅटिक गाडीतही एल, २ किंवा मॅन्युअल मोड असतो, तो यासाठीच. वास आला की थांबा, ब्रेक थंड होऊ द्या, चाकांवर पाणी ओतू नका. पेडल मऊ लागलं किंवा नेहमीपेक्षा खोल गेलं तर पुढे न जाता मदत बोलवा.

इलेक्ट्रिक गाडीत उतारावर मोटरच ब्रेकचं काम करते आणि बॅटरीही भरते. पण वरच्या टोकाला शंभर टक्के चार्ज करून निघालात तर भरायला जागाच नसते आणि हा फायदा कमी होतो. चढाला मात्र रेंज सपाट रस्त्यापेक्षा पटापट संपते, तो हिशेब आधी करा.

अरुंद घाटात चढणाऱ्या गाडीला आधी वाट द्यायची, हा बहुतेक ठिकाणचा रिवाज.

१६. मुलांना वळणांवर मळमळतं. आणि फार उंचावर त्रास होतो का?

मळमळण्याच्या बाबतीत ऑडिओ टूर उलट मदतच करते. आतल्या कानाला गाडी वळतेय असं कळतं आणि पुस्तकात किंवा स्क्रीनवर रोखलेल्या डोळ्यांना ती स्थिर वाटते, या विसंगतीतून मळमळ होते. इथे वाचायचं काही नसतं, डोळे बाहेरच राहतात. मुलांना ‘पुढचा पूल पहिल्यांदा कोणाला दिसतो’ असं काम द्या, टॅब्लेट डिकीत ठेवा.

उंचीचा त्रास साधारण २,५०० मीटरच्या वर सुरू होऊ शकतो: डोकं दुखणं, मळमळ, थकवा. तासाभरासाठी वर जाऊन खाली येणाऱ्यांना सहसा फारसं होत नाही. त्रास वर मुक्काम करणाऱ्यांना जास्त. झालाच तर औषध एकच, खाली उतरायचं. आणि दर हजार मीटरला तापमान सरासरी साडेसहा अंशांनी उतरतं. पायथ्याशी टी-शर्टमध्ये निघालेली मंडळी दोन हजार मीटर चढून दार उघडतात आणि लगेच बंद करतात. जॅकेट हाताशी ठेवा.

१७. टूर उलट्या दिशेने किंवा मधूनच सुरू केली तर चालते का?

वर्णनात ‘दोन्ही दिशांनी’ लिहिलं असेल तरच. नाहीतर गोष्टी वाजतील, पण ‘मघाशी पाहिलेला पूल’ तुम्हाला अजून दिसायचा असेल आणि ‘डावीकडे बघा’ म्हटल्यावर उजवीकडे बघावं लागेल. तेवढं सोसत असेल तर खुशाल जा. मधून सुरू करताना टूर अडून बसली तर पहिल्या काही गोष्टी यादीतून ‘स्किप’ करा. तिला वाटतं तुम्ही ऐकल्यात.

१८. थांबायला जागाच नव्हती आणि महत्त्वाचा पॉइंट निघून गेला. मागे वळू का?

घाटात यू-टर्न नाही. पुढे सुरक्षित जागा आणि पुरेसा वेळ असेल तर वळून या, नाहीतर पुढच्या थांब्यावर ती गोष्ट ऐका. गर्दीच्या दिवसांत नावाजलेल्या पॉइंटपेक्षा त्याच्या अलीकडचा किंवा पलीकडचा बिननावाचा थांबा घ्यावा असं आमचं मत आहे. दरी तीच असते.

१९. बोगद्यात काय होतं?

चालू असलेली गोष्ट वाजत राहते, पण उपग्रह दिसत नसल्यामुळे पुढची सुरू होत नाही. बाहेर आल्यावर काही सेकंदांत सगळं जागेवर येतं. लांब बोगद्यासाठी एखादी मोठी गोष्ट आधीच लावून ठेवता येते. नॉर्वेतला लेरडाल बोगदा तर २४.५ किलोमीटरचा आहे. चालकांना गुंगी येऊ नये म्हणून त्यात तीन ठिकाणी निळ्या प्रकाशाच्या मोठ्या गुहा केल्या आहेत.

२०. फोन तापून बंद पडला. काय करता आलं असतं?

काचेमागचं ऊन, चालू स्क्रीन, जीपीएस आणि चार्जिंग, चारही एकदम आले की फोन तापतोच. आयफोनसाठी ३५ अंशांपर्यंतचं वातावरण ठीक असं त्याची कंपनी सांगते. उन्हातला डॅशबोर्ड त्याच्या कितीतरी पुढे जातो. फोन एसीच्या झडपेपाशी लावा, स्क्रीन बंद ठेवा (टूरला ती लागत नाही), आणि वायरलेसऐवजी केबलने चार्ज करा. तापलाच तर सावलीत ठेवून आपोआप निवू द्या. एकदम बर्फाच्या डब्यात घालू नका, आत दव धरतं.

२१. दोन गाड्या आहेत. एकच टूर घेतली तर चालेल का?

ते त्या टूरच्या अटींवर आहे. एकाच खात्यावर दोन फोन चालत असतील तर चालेल. फोन कॉल लावून एका गाडीतला आवाज दुसरीत पोचवायची शक्कल लढवू नका, पहिल्या वळणावर नेटवर्क जातं आणि दोन गाड्या एका जागी नसतातच.

२२. टूर विकत घेतली आणि रस्ताच बंद निघाला. हे आधी कसं कळावं?

टूरवाल्यांकडून नव्हे, रस्ता ज्यांच्या ताब्यात आहे त्या खात्याकडून. उंच खिंडी हिवाळ्यात बर्फामुळे बंद असतात आणि उघडायची तारीख दरवर्षी बदलते. गोइंग-टू-द-सन रोडचा वरचा भाग तर बऱ्याचदा जूनच्या शेवटी किंवा जुलैत खुला होतो. काही राष्ट्रीय उद्यानांत गर्दीच्या महिन्यांत प्रवेशाची वेळ आधी आरक्षित करावी लागते आणि हे नियमही वर्षागणिक बदलतात. ऑडिओ टूर घेतली म्हणजे प्रवेश मिळाला असं नाही. मोठी गाडी असेल तर मापंही बघा: गोइंग-टू-द-सन रोडच्याच मधल्या अरुंद टप्प्यावर ६.४ मीटरपेक्षा लांब किंवा २.४ मीटरपेक्षा रुंद वाहनांना बंदी आहे.

२३. ऑडिओत एक नाव आणि पाटीवर दुसरंच. आम्ही वाट चुकलो का?

बहुधा नाही, टूर जुनी आहे. अमेरिकेतल्या ग्रेट स्मोकी माउंटन्समधल्या सर्वांत उंच शिखराला अनेक वर्षं क्लिंगमन्स डोम म्हणत. सप्टेंबर २०२४ मध्ये त्याला कुवोही हे चेरोकी या तिथल्या आदिवासी लोकांचं मूळ नाव अधिकृतपणे परत मिळालं. त्याआधीच्या टूरमध्ये जुनंच नाव ऐकू येणार. नावापुरतं ठीक आहे. पण ऑडिओ ‘डावीकडे वळा’ म्हणतोय आणि पाटीवर ‘प्रवेश बंद’ असेल, तर पाटीचं ऐकायचं. नेहमीच.

२४. घरात सगळ्यांना टूरची भाषा कळत नाही. काही उपाय?

लिखित मजकूर मिळत असेल तर आदल्या रात्री एकाने वाचून ठेवावा आणि गाडीत दोन-तीन वाक्यांत सांगावा. ऑडिओचा वेग पाऊण पट केला तरी बराच फरक पडतो. हे सांगायचं काम चालकाकडे देऊ नका.

२५. आमच्या आवडत्या घाटाची टूर कुठेच नाही. स्वतः बनवता येईल का?

येते, आणि त्यासाठी अ‍ॅपही लागत नाही. फोनवर गोष्टी रेकॉर्ड करा, फायलींना क्रमाने नंबर द्या आणि एका कागदावर लिहा: १ नंबर चेकपोस्टपाशी, २ नंबर दुसऱ्या पुलापाशी. वाजवायचं काम शेजाऱ्याचं.

लिहिताना वेगाचा हिशेब ठेवा. ताशी ५० किलोमीटरने गाडी मिनिटाला सव्वाआठशे मीटर जाते, म्हणजे दोन मिनिटांची गोष्ट संपेपर्यंत तुम्ही दीड किलोमीटरच्या पुढे गेलेले असता. म्हणून जे दाखवायचं ते आधी सांगा आणि इतिहास मागाहून. थांबायची सूचना थांब्याच्या निदान तीनशे मीटर अलीकडे हवी. घाटातल्या ताशी ४० च्या वेगाने तेवढ्या अंतराला २७ सेकंद मिळतात. आरसा बघून, इंडिकेटर देऊन बाजूला घ्यायला ती पुरतात. ‘त्या झाडापाशी’ असं कधी म्हणू नका, झाडं पडतात. पूल, किलोमीटरचा दगड, बोगद्याचं तोंड अशा खुणा घ्या. आणि कच्चं रेकॉर्डिंग घेऊन त्याच दिशेने एकदा गाडी नेऊन बघा, शेजारी घाट कधीच न पाहिलेल्या माणसाला बसवून. तो ‘कुठे? कुठे?’ असं विचारेल ती प्रत्येक जागा पुन्हा रेकॉर्ड करा.